गाठी सोडलेल्या सात होड्या

जुन्नरला समुद्र नाही, हे सांगायला भूगोलाचा मास्तर लागत नाही. तरीही पन्नास-पंचावन्नच्या सुमाराला आमच्या आळीत, माझ्या दारासमोर, एक तांडेल राहत होता. तांडेल म्हणजे शिडाच्या होडीवरचा मुख्य माणूस. सुकाणू त्याच्या हातात, आणि होडीवरच्या सगळ्यांचे जीवही त्याच्याच हातात. आळीतल्या लोकांना यातलं काही ठाऊक नव्हतं. त्यांना वाटलं, तांडेल हे आडनाव असेल. म्हणून सगळे त्यांना तांडेलचाचा म्हणत, आणि ते कुणाची चूक दुरुस्त करत नसत.

मी शाळेत ड्रॉइंग मास्तर. गाव घोडेगाव, स्वभाव तापट आणि अक्षर चांगलं. या तिन्ही गोष्टी सगळ्या जुन्नरला माहीत होत्या.

कोकणातलं त्यांचं चिमुकलं संस्थान विलीन झालं तेव्हा चाचांची नोकरीही त्यात विरघळली. हुजुरांना शर्यतीच्या होड्यांचा शौक. अशा सात होड्या चाचांच्या ताब्यात होत्या. मुलाचं, इस्माईलचं, सासर जुन्नरचं. हाताने कागद करणारी जी दोन-तीन घरं तेव्हा अजून तग धरून होती त्यांतलं एक. मेहुण्याच्या ओळखीनं इस्माईलला इथं मोटारी दुरुस्त करायचं काम मिळालं, आणि बायको हमीदा नि म्हातारा बाप यांना घेऊन तो आमच्या समोर राहायला आला. चाचा घाट चढून आले ते एक पत्र्याची ट्रंक घेऊन. ती उचलायला गेलो तर म्हणाले, "मास्तर, सांभाळून. आत सात होड्या आहेत."

मी बायकोला सांगितलं, म्हातारा जरा भ्रमिष्ट दिसतो.

तो संशय पुढं बरेच दिवस टिकला. कारण रोज सकाळी चाचा ओट्यावर उभे राहत, बोट तोंडात घालून ओलं करत आणि वर धरत. मग मान हलवून आत चहाला जात. बायकोला वाटे ते शिवनेरीकडं बोट दाखवतात. ती बिचारी रोज वळून किल्ल्याकडं बघे, आज तिथं काय आहे म्हणून.

त्याचा उलगडा सुगीत झाला. वारूळवाडीचा एक पाव्हणा आळीत आला होता. त्याची मळणी होऊन दोन दिवस झाले होते, पण वाराच नाही, तर उफणायचं कसं? कपाळाला हात लावून बसलेला. चाचांनी ओलं बोट वर धरलं, घाटाच्या बाजूला बघितलं आणि त्याला म्हणाले, "इथं बसून काय करतोस? खळ्यावर जा. दुपारच्या नमाजाला मी उठेन तेव्हा तू सूप भरून उभा राहा."

पाव्हणा हसत गेला आणि दुसऱ्या दिवशी सूपभर बाजरी घेऊन आला. "आवं, चाचांनी सांगितलं त्येच टायमाला वारं सुटलं की राव! आमी तर येडंच झालो."

झालं. तेव्हापासून सुगीच्या दिवसांत चाचांच्या ओट्यावर शेतकऱ्यांची रांग. "चाचा, वारं कवा सुटंल?" एकदा थेट आणे गावच्या उघड्या पठारावरचा माणूस आला. त्याला मात्र चाचांनी हाकललं. "अरे, तू वाऱ्याच्या घरात राहतोस आणि वाऱ्याचा पत्ता विचारायला खाली येतोस?" माणूस खो खो हसत गेला. चाचांचं एक म्हणणं होतं, येईल त्याला ते ऐकवत: "वाऱ्याशी भांडू नये. त्याला विचारावं, मग शीड लावावं." त्यांच्या बोलण्यातला कोकणी हेल मला कागदावर उतरवता येत नाही. तो ऐकायलाच हवा होता.

कुकडी नदी मी त्यांना पहिल्यांदा दाखवली तेव्हा त्यांनी बराच वेळ इकडंतिकडं पाहून विचारलं, "कुठाय?" मला राग आला. आमच्या नदीला असं कुणी बोललेलं मी खपवून घेत नाही. मग पावसाळ्यात ती दुथडी भरली तेव्हा मी मुद्दाम त्यांना काठावर नेलं. त्यांनी पाण्याकडं पाहिलं, डोळे पुसले, आणि एवढंच म्हणाले, "हां. आता ओळख पटली." त्या दिवशी माझा राग गेला तो कायमचा.

ट्रंक त्यांनी माझ्यासमोर उघडली ती त्यानंतर. आत काळपट दोऱ्यांची सात वेटोळी. मासळीचं तेल आणि राळ चोळून चोळून तुळतुळीत झालेली सुती दोरी, करंगळीच्या निम्म्या जाडीची, आणि तिच्यावर अंतराअंतरानं डझनभर गाठी. एका होडीची एक दोरी. चाचांच्या बंदरावरचे सुतार कागदावर होडी काढत नसत. दोरीचं टोक कण्याच्या, म्हणजे जिच्यापासून होडी बांधायला घेतात त्या तळाच्या तुळईच्या, टोकाला लावायचं. पहिली गाठ येते तिथं डोलकाठी. दुसऱ्या गाठीएवढी मधली रुंदी, तिसरीएवढी नाळेजवळची, म्हणजे पुढच्या निमुळत्या टोकाजवळची, असं करत अख्खी होडी त्या दोरीत बांधलेली. त्या गाठी हाच नकाशा, त्या गाठी हीच वही.

चाचा एकेक वेटोळं उचलून नावं सांगत गेले. सबुरी, पाकोळी, नवरी, गुलाब, बिजली, मैना आणि धाकटी. सबुरी सगळ्यात वेगाची. "तिचं नाव ठेवणारा सुतार मिश्किल होता," चाचा म्हणाले.

"आणि खुद्द होड्या?"

चाचांनी ट्रंकेचं झाकण अर्धं लावलं. "विलीनीकरण झालं तेव्हा नवीन साहेब आले. चांगला माणूस होता, बिचाऱ्याला मोजायचं काम होतं. खुर्च्या मोजल्या, हंड्या मोजल्या, मग होड्यांपाशी आला. सबुरीसमोर उभा राहून कारकुनाला सांगितलं, लिहा, होडी, जुनी, एक. पाकोळीसमोर: होडी, जुनी, एक. सातही वेळा तेच, मास्तर. नाव विचारलं नाही एकीचंही." झाकणावर हात ठेवून म्हणाले, "मग कुणी रेती वाहायला नेली, कुणी कौलं वाहायला. गुलाबचं सरपण झालं. दोऱ्या खुंटीवर होत्या, त्या यादीत धरल्या नव्हत्या. त्या मी उचलल्या."

ज्या सुतारांनी त्या होड्या बांधल्या ते मरून गेले होते. एकाचा नातू मासेमारीच्या होड्या बांधत होता, पण त्यानं ह्या दोऱ्या पाहिल्याही नव्हत्या. कुठली गाठ कशाची, हे जगात आता फक्त चाचांना माहीत होतं, आणि त्यांची सत्तरी उलटलेली.

"मास्तर, तुमचा हात चांगला आहे. हे कागदावर घ्या. माझ्यानंतर ह्या दोऱ्यांनी लोक शेळ्या बांधतील."

मी हो म्हटलं. अहो, हुरळलोच मी! हमीदाच्या वडिलांनी स्वतः बनवलेला जाड जुन्नरी कागद आणून दिला. आणि मी काय केलं? चित्रं काढली. पाकोळीचं फुगलेलं शीड, मावळतीचे ढग, आणि खाली लाटा. लाटांवर मी दोन महिने घालवले. समुद्र मी तोवर जन्मात पाहिला नव्हता.

चाचांनी चित्र लांब धरून पाहिलं. "छान. पण हे खाली काय, नांगरट?"

"लाटा आहेत त्या!"

"असतील. मास्तर, पाणी नंतर काढा. आधी माप घ्या."

मी चिडलो. म्हटलं, कलेतलं तुम्हाला काय कळतं? चाचा हसले, रागावले नाहीत. दर आठ दिवसांनी ते तेवढंच वाक्य म्हणत, पाणी नंतर, आधी माप. आणि मी दर आठ दिवसांनी लाटा पुसून नव्या काढी. सहा महिन्यांत सात होड्यांपैकी एकीचंही पुरतं माप मी उतरवलं नव्हतं. हे मी आज उघड सांगतो, कारण पुढं जे झालं त्यात माझा वाटा एवढा मोठा होता.

हमीदाला दिवस गेले होते. पहिलं मूल जन्मताच गेलं होतं, त्यामुळं यावेळी अख्खी आळी जिवाला धरून होती. तो रविवार होता, बाजाराचा दिवस. इस्माईल कुणाचा तरी ट्रक दुरुस्त करायला नारायणगावला गेलेला. पहाटेपासून हमीदा कळा देत होती. आमच्या आळीची सुईण साळूआजी, हिंदूंची असो की मुसलमानांची, सगळ्यांची बाळंतपणं तीच करी. दहाच्या सुमाराला ती पदरानं हात पुसत बाहेर आली.

"बाळ अडलंय," ती म्हणाली. "पोरीतलं तराण चाललंय. घरातल्या समद्या गाठी सोडा. कुलपं उघडा, येण्या उलगडा, पोत्यांची तोंडं मोकळी करा. एक बी गाठ ऱ्हायली नाय पायजे."

बाळंतीण अडली की घरात गाठ ठेवायची नाही, ही आमच्याकडची जुनी रीत. बायका धावल्या. माझ्या बायकोनं हमीदाच्या वेणीपासून पिठाच्या फडक्यापर्यंत सगळं सोडलं. शेजारच्या घरांनीही आपापली कुलपं काढली. कुणीतरी शेळीसुद्धा सोडली आणि ती सरळ माझ्या घरात शिरली. मी म्हणत होतो, हे थोतांड आहे, डॉक्टरला बोलवा. डॉक्टर बाहेरगावी गेले होते. मग मीही गुपचूप माझ्या धोतराच्या सोग्याची गाठ सोडली. काय करणार?

चाचा ओट्यावर बसून होते. आतून हमीदाची हाक आली, "अब्बाजान!" एवढीच. चाचा उठले, आत गेले आणि ट्रंक घेऊन बाहेर आले.

मला कळलं. मी त्यांचा हात धरला. "चाचा, या दोऱ्या कुणाला ठाऊक नाहीत. साळूआजीला तर नाहीच. राहू द्या. दोरीच्या गाठीचा नि बाळंतपणाचा काय संबंध? मी आजपासून बसतो, शपथ घेतो, पाणी काढत नाही."

"तिला ठाऊक नाही," चाचा म्हणाले. "मला ठाऊक आहे ना. पोरीला काही झालं तर आयुष्यभर वाटेल, सात दोऱ्या लपवून ठेवल्या होत्या."

"आणि होड्या?"

"होडी माणसासाठी असते, मास्तर."

त्यांनी पहिली सबुरी घेतली. गाठी दगडासारख्या घट्ट. हरणाच्या शिंगाचं एक टोकदार दाभण त्यांच्याजवळ असे, ते गाठीत खुपसून ते एकेक सैल करत. हात चुकत नव्हते. मी थोडा वेळ उभा राहिलो, मग खाली बसलो आणि पाकोळी हातात घेतली. माझी नखं तुटली. जिची माझ्यानं सहा महिन्यांत मापं झाली नाहीत तिच्या गाठी मी तासाभरात सोडल्या. सोडताना मला रडू येत होतं, आणि मी ते लपवलं नाही. चाचा दर गाठीला ओठांतल्या ओठांत काहीतरी म्हणत होते. मला वाटलं दुआ असेल. नीट ऐकलं तर ते म्हणत होते, "डोलकाठी… नाळ… सुकाणू…"

शेवटची गाठ धाकटीची. ती सुटली आणि त्यानंतर किती वेळ गेला मला सांगता येणार नाही. आतून रडणं ऐकू आलं. आधी बारीक, मग चांगलं खणखणीत, सगळ्या आळीला कळेल असं. साळूआजी दारात आली. "पोरगी झालीया! दोघीबी ठणठणीत हायेत!"

जीव भांड्यात पडणे म्हणजे काय ते मला त्या दिवशी कळलं. चाचा ओट्यावरच पश्चिमेकडं तोंड करून, कपाळ जमिनीला टेकून सजद्यात गेले. उठले तेव्हा दाढी भिजली होती आणि तोंडभर हसू होतं. त्यांनी त्या सात लुळ्या दोऱ्या गोळा केल्या, फडक्यात बांधल्या नाहीत, नुसत्या गुंडाळल्या आणि ट्रंकेत टाकल्या. घरी आलो तर शेळीनं पाकोळीचं चित्र अर्धं खाल्लं होतं.

पुढचे आठ दिवस मी चाचांची नजर चुकवली. ते मात्र खुशीत होते, नातीला मांडीवर घेऊन बसत, सगळ्यांना खजूर वाटत. माझ्याशीही गोड बोलले. होड्यांचा विषय त्यांनी काढला नाही आणि ट्रंकही उघडली नाही. मला झोप लागत नव्हती. बायको म्हणाली, "तुम्ही लाटा काढत बसलात ना, आता भोगा." तिचं खरंच होतं.

मग झोळी बांधायचा दिवस आला. साळूआजीला झोळी हलवायला दोरी हवी होती. हमीदानं ट्रंकेतली एक काढून दिली. आजी ती घेऊन उन्हात ओट्यावर बसली आणि बडबडायला लागली. "चाचा, ही कसली वो दोरी? समदी काळी आन ठायी ठायी पांढरी. कोड आल्यावानी दिसतीया!"

मी समोरच्या दारात दाढी करत होतो. पांढरी हा शब्द ऐकला आणि अर्ध्या गालाला साबण घेऊन तसाच धावलो.

दोरी उन्हात पसरली होती. जिथं जिथं गाठ होती तिथं तिथं, बोटभर लांब, दोरी कोरी पांढरी. कित्येक वर्षं तेल आणि राळ वरूनच लागलं होतं. गाठीच्या पोटात ते पोचलंच नव्हतं. शिवाय वळण इतकं मुरलेलं की दोरी तिथं आपसूक वाकत होती. मी चाचांकडं बघितलं. चाचांनी नात हमीदाच्या हातात दिली, दोरीचा पहिला पांढरा पट्टा धरला आणि जुन्या वळणानं गाठ घातली. पांढरं सगळं आत गेलं, वर फक्त काळं उरलं. एक सूत इकडं नाही की तिकडं नाही.

"चाचा!" मी ओरडलो.

"अरे, मी कधी सोडलीच नव्हती ना," चाचा म्हणाले. "आत काय असतं, मला काय माहीत!" आणि ते हसायला लागले. असं हसले की साळूआजी घाबरली, म्हाताऱ्याला काय झालं म्हणून. मी माझ्या साबणाच्या तोंडानं त्यांना मिठी मारली. भर आळीत.

त्या दिवाळीच्या सुट्टीत मी शाळेतली लाकडी फूटपट्टी घरी आणली आणि आम्ही बसलो. चाचा गाठी बांधत, कुठली कशाची ते सांगत, मी मोजत नि लिहीत. एकही लाट काढली नाही. एक ढग काढायचा मोह झाला होता, चाचांनी नुसतं बघितलं. सोळा दिवसांत सातही होड्या जुन्नरी कागदावर उतरल्या, दोन प्रतींत. प्रत्येक होडीच्या पानावर बांधणाऱ्या सुताराचं नाव, सुकाणू धरणाऱ्यांची नावं आणि ती शेवटी कुठं गेली ते. मी विचारलं, हुजुरांचं नाव वर घालू? चाचा म्हणाले, "खाली घाला. राजाचं नाव कुणीही सांगेल. सुताराचं कोण सांगणार?" पाकोळीच्या पानाशी आल्यावर म्हणाले, "बरं झालं शेळीनं ते खाल्लं. पाणी पिऊन टाकलं तिनं."

एक वही चाचांकडं राहिली, एक माझ्याकडं. गाठी पुन्हा बांधलेल्या दोऱ्या मात्र त्यांनी खाली कोकणात त्या सुताराच्या नातवाकडं पाठवून दिल्या. मी म्हटलं, वही पाठवा की. म्हणाले, "तो वही वाचणार नाही. दोरी हातात घेतली तर त्याला कळेल." काही महिन्यांनी पोस्टकार्ड आलं. त्यात तीनच ओळी होत्या. त्यांतली एक अशी: धाकटीचा कणा घातला आहे. चाचा ते कार्ड आठ दिवस टोपीत ठेवून हिंडत होते.

पुढं माझी बदली आंबेगाव तालुक्यात झाली. दोन वर्षांनी काही कामासाठी जुन्नरला आलो आणि पाय आपोआप आळीकडं वळले. तेव्हा चाचांना पाहिलं ते शेवटचं. इस्माईलनं नंतर पत्र लिहून कळवलं, झोपेतच गेले, सकाळी वारा चांगला होता.

त्या दिवशी मी आळीच्या तोंडाशीच थांबलो. चाचा ओट्यावर उकिडवे बसले होते. नात दाराच्या चौकटीला टेकून ताठ उभी होती, हनुवटी वर, श्वास रोखलेला. चाचांच्या हातात कोरी दोरी. तिचं एक टोक पोरीच्या टाचेखाली, दुसरं त्यांनी डोक्यापर्यंत ताणलं आणि तिथं काळजीपूर्वक एक गाठ घातली. त्या गाठीच्या थोडी खाली आणखी एक गाठ होती, मागल्या वर्षीची.

"हे काय चाललंय, चाचा?" मी लांबूनच विचारलं.

त्यांनी मान वर न करता आवाज ओळखला. गाठ दातानं घट्ट केली आणि म्हणाले, "या मास्तर, बसा. माप घेतोय. ही अजून बांधणीत आहे."